रानाची माहिती वनहक्काच्या दाव्यात पुरावा म्हणून कशी मांडावी

भीमगड अभयारण्य जाहीर झालं 2011 साली. कर्नाटकातल्या बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यातली त्या रानातली गावं, गवळी-धनगरांच्या वाड्या त्याच्या कितीतरी आधीच्या. रानात पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्यांचे हक्क मानणारा वनहक्क कायदा, 2006 अभयारण्यातही लागू आहे, आणि त्याच्या नियम 13 प्रमाणे जाणत्यांचा लेखी जबाब हा पुरावाच. मात्र नुसत्या जबाबावर भागत नाही, एकाहून जास्त पुरावे लागतात. म्हणून जबाबाला जागेची जोड द्या.

ग्रामसभेने निवडलेल्या, दावे तपासणाऱ्या वनहक्क समितीत 10 ते 15 सभासद, त्यांत किमान एक तृतीयांश बायका. कंद, रानभाज्या, झरे यांची माहिती बहुतेक बायकांकडेच असते. त्यांचे जबाब वेगळे बसून घ्या, चारचौघांत त्या गप्प राहतात.

जबाब रानात, त्या त्या जागी उभं राहून लिहा. “आम्ही पूर्वापार मध काढतो” एवढ्याला वजन नाही. “झऱ्यावरच्या कड्याला चैत्र-वैशाखात आग्या मोहोळ काढतो, आजाही तिथंच काढायचा, पलीकडे शेजारच्या गावाचं देवरान” असं हवं. देवरान, मसणवटी, पाणवठे, जुन्या घरांचे चौथरे यांचे फोटो आणि जीपीएस नोंदी घ्या. हद्दीवर शेजारच्या गावातल्या जाणत्याचाही जबाब घ्या, नाहीतर दोन दावे एकमेकांवर चढतात आणि फाईल अडते.

अनुसूचित जमातीत नसलेल्यांना 13 डिसेंबर 2005 पूर्वीच्या तीन पिढ्यांचं, म्हणजे 75 वर्षांचं, रानातलं राहणं दाखवावं लागतं. म्हाताऱ्यांना साल विचारू नका. बेळगाव म्हैसूर राज्यात गेलं (1956), गोवा मुक्त झाला (1961), तेव्हा घर कुठं होतं, बाप-आजा कुठं गुरं चारायचे, हे विचारा.

औषधी झाडांची जागा आणि हंगाम लिहा, औषध कसं करतात ते मुळीच लिहू नका. दाव्याला वापराचा पुरावा पुरतो. पारंपरिक ज्ञानावरचा गावाचा सामुदायिक हक्क कलम 3 मानतंच. कृती एकदा कागदावर गेली की तिच्यावर वाडीचा ताबा उरत नाही.

जबाब सांगणाऱ्याच्याच मराठीत लिहा, वाचून दाखवा, मग सही किंवा अंगठा घ्या. सोबत कन्नड भाषांतर जोडा, पण जागांची नावं भाषांतरित करू नका. नकाशाशी मेळ बसत नाही. समिती जागा पाहायला येईल ती तारीख वन खात्याला लेखी कळवून पोच घ्या. दाव्यावरच्या ठरावाच्या ग्रामसभेला निम्मी हजेरी लागते, हजर असणाऱ्यांत एक तृतीयांश बायका. ग्रामसभेच्या वरच्या उपविभागीय समितीने दावा फेटाळला तर कारणं लेखी मागा आणि 60 दिवसांच्या आत जिल्हा समितीकडे जा. सगळ्या कागदांची एक प्रत वाडीतच ठेवा.