कलम ८८ ची चौकशी हाती आली तर

पतसंस्थेत अफरातफर उघडकीला आली की गावाची पहिली मागणी असते, संचालकांच्या जमिनी विका आणि आमच्या ठेवी परत करा. त्या मागणीमागचा संताप मला पुरेपूर समजतो. पिग्मीत रोज शंभर रुपये टाकणाऱ्या भाजीवालीला तिचेच पैसे काढायला हेलपाटे घालावे लागतात, तेव्हा तिला कायद्याची कलमं ऐकवायला तोंड होत नाही. तरीही लेखापरीक्षक म्हणून अशा चौकशा केल्यावर माझं ठाम मत झालंय की ज्याच्यावर ठपका आहे त्याला पूर्ण संधी देण्यात ठेवीदाराचंच हित आहे. घाईघाईत काढलेला आदेश अपिलात रद्द होतो, प्रकरण फेरचौकशीला परत येतं, आणि तोवर विकायची जमीन दुसऱ्याच्या नावावर झालेली असते.

तेव्हा महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ८८ खाली, म्हणजे संस्थेचं नुकसान कुणामुळे झालं ते ठरवून त्याच्याकडून ते भरून घेण्यासाठी, तुमची प्राधिकृत अधिकारी म्हणून नेमणूक झाली, तर आधी स्वतःकडे बघा. त्याच संस्थेचं लेखापरीक्षण तुम्ही केलंय का? संचालकांपैकी कुणी नात्यातलं आहे का? तक्रारदारांच्या पॅनेलशी ऊठबस आहे का? यातलं काही असेल तर ही नेमणूक करणाऱ्या सहकारी संस्थांच्या निबंधकांना लेखी कळवून काम नाकारा. मोहम्मद नूह खटल्यात चौकशी करणारा अधिकारीच मध्ये साक्षीदार झाला आणि जबाब देऊन पुन्हा निवाडा करायला बसला. १९५७ साली सर्वोच्च न्यायालयाने ते न्यायाला धरून नसल्याचं सांगितलं. ज्याने ताळेबंदावर शेरे मारले त्यानेच वर्षभराने त्या शेऱ्यांचा निवाडा करणं मला त्याच जातीचं वाटतं.

मग मुदती तपासा. लेखापरीक्षण सुरू झाल्याच्या किंवा चौकशीचा आदेश निघाल्याच्या तारखेआधीच्या पाच वर्षांतलंच कृत्य कलम ८८ मध्ये येतं. त्याआधीचं कितीही दिसलं तरी या आदेशात घेता येत नाही. तुमची चौकशी दोन वर्षांत संपली पाहिजे. निबंधक कारणं नोंदवून फार तर सहा महिने वाढवून देतात.

खरं कसब लागतं ते दोषारोप लिहिताना, आणि नेमकं तिथेच सगळ्यात जास्त आळस होतो. कलम ८३ खाली संस्थेच्या कारभाराची आधी झालेली चौकशी असते, तिचा अहवाल उचलायचा, शेवटचा आकडा घ्यायचा आणि ‘सर्व संचालक व व्यवस्थापक संयुक्तपणे जबाबदार’ असं लिहून सगळ्यांना एकच नोटीस पाठवायची, असं सर्रास चालतं. ८३ चा अहवाल हा पाया आहे, निकाल नव्हे. दोषारोप व्यवहारागणिक आणि माणसागणिक हवा: अमुक तारखेला अमुक कर्जदाराला ४,५०,००० रुपयांचं कर्ज दिलं, तारण घेतलं नाही, उपविधीतली मर्यादा ओलांडली, ठराव क्रमांक अमुक, सूचक अमुक, हजर सभासद अमुक, धनादेशावर सह्या अमक्यांच्या. असं लिहायला बसलात की आपोआप कळतं, कोण त्या सभेला नव्हतंच, कुणी इतिवृत्तात विरोध नोंदवलाय, कुणाचा राजीनामा आधीच मंजूर झालाय. पिग्मी एजंटाने गोळा केलेली रक्कम रोजकिर्दीला जमाच केली नसेल, तर त्याच्यासोबत ती ताळ्यात बसवणाऱ्या शाखाधिकाऱ्याचं नाव येतं. ठराव करणारा संचालक तिथे आपसूक येत नाही. त्याने पर्यवेक्षणात नेमकी काय कसूर केली ते वेगळं लिहावं लागतं. कर्ज बुडणं आणि जाणूनबुजून बुडवणं या दोन गोष्टी आहेत. धंदा बसल्यामुळे थकलेल्या कर्जासाठी मंजुरी देणाऱ्याला पैसे भरायला लावणं मला पटत नाही, आणि ते अपिलातही टिकणं अवघड.

नोटिशीसोबत कागद द्या. हा मुद्दा मी कधीच सोडत नाही. दप्तर जप्त झालेलं असतं, संचालकाच्या हातात काहीच नसतं, आणि आपण त्याला विचारतो की तीन वर्षांपूर्वीच्या व्हाउचरचा खुलासा करा! ज्या कागदांवर दोषारोप उभा आहे त्यांची यादी आणि प्रती द्या. बाकी किर्द, खतावणी, कर्जरोखे, इतिवृत्त पुस्तक पाहायला तारीख लावून द्या, आणि कुणी काय पाहिलं याची सही घ्या. नोटीस पोचपावती मिळेल अशा टपालाने पाठवा आणि ती पावती फाइलला लावा. मुदत देताना दप्तराचा पसारा लक्षात घ्या.

मयत संचालकाच्या वारसांना नोटीस काढताना हात जपून ठेवा. ज्याच्याकडे मयताची मालमत्ता आलीय त्या वारसालाच बोलवायचं असतं, आणि वसुलीही मिळालेल्या मालमत्तेपुरतीच. नवऱ्याच्या माघारी टपालाने लाखोंचा आकडा हातात पडलेल्या बाईला हे पहिल्याच तारखेला सोप्या मराठीत समजावून सांगणं तुमचं काम आहे. सोबत लेक, भाऊ, वकील कुणी आलं तर बसू द्या.

सुनावणीचा रोजनामा त्याच दिवशी, सगळ्यांसमोर लिहा आणि हजर असलेल्यांच्या सह्या घ्या. रोखपालाने संचालकाविरुद्ध जबाब दिला असेल तर संचालकाला उलटतपासणी घेऊ द्या. रोखपाल स्वतःची कातडी वाचवतोय का हे तिथेच कळतं. तक्रारदार ठेवीदारांचंही म्हणणं घ्या, पण संचालकाच्या माघारी नको. चहाच्या टपरीवर कुणी कानात काही सांगितलं तर त्याला लेखी द्यायला सांगा; नाही दिलं तर ते आदेशात येऊ देऊ नका. एखादा माणूस नोटीस मिळूनही आलाच नाही, तर एकतर्फी चालवा, पण पुरावा तेव्हाही तपासायचाच. गैरहजेरी म्हणजे कबुली नव्हे.

फौजदारी गुन्हा दाखल असेल तर ती वाट वेगळी. एफआयआरमध्ये नाव आहे म्हणून इथे दोष सिद्ध होत नाही आणि जामीन मिळाला म्हणून सुटकाही होत नाही.

आदेश लिहिताना प्रत्येकाचा खुलासा आधी मांडा, मग तो का मान्य किंवा अमान्य ते सांगा. ‘खुलासा समाधानकारक नाही’ एवढ्या एका ओळीवर मी कुणाच्याही सातबारावर बोजा चढू देणार नाही. मधल्या काळात कर्जदाराकडून आलेली वसुली वजा करा, व्याजाचा दर आणि ते कुठल्या तारखेपासून लागतं हे लिहा, प्रत्येकाच्या नावापुढे त्याची रक्कम मांडा. कलम १५२ खाली आदेश कळवल्यापासून दोन महिन्यांत अपील करता येतं, हे शेवटी स्पष्ट नमूद करा. प्रत संबंधितांना द्या आणि संस्थेच्या अवसायकाला (संस्था गुंडाळायला नेमलेल्या अधिकाऱ्याला) किंवा प्रशासकालाही त्याच दिवशी पाठवा, म्हणजे वसुलीची तयारी थांबून राहणार नाही.