गेम सुरू होतानाच हँग होतोय? अनइन्स्टॉल करण्याआधी हे तपासा

गेम सुरू होताना अडकला की बहुतेकांचा हात थेट अनइन्स्टॉलवर जातो. माझं आग्रहाचं सांगणं आहे की तो उपाय अगदी शेवटी ठेवा. आजकाल मोठा गेम सहज शंभर जीबीच्या घरात जातो. तो पुन्हा उतरवायचा म्हणजे रात्रभर नेट चालू ठेवायचं आणि महिन्याच्या डेटाचा मोठा वाटा त्यावर घालवायचा. शिवाय अनइन्स्टॉल केल्यावर गेमचं फोल्डर जातं, पण त्याच्या सेटिंगच्या फाइल्स डॉक्युमेंट्स किंवा ॲपडेटा या फोल्डरांत तशाच राहतात. बिघाड तिथे असेल, तर सगळं नव्याने टाकूनही तोच काळा पडदा समोर येतो.

इथे दिलेल्या पायऱ्या विंडोज १० आणि ११ असलेल्या कॉम्प्युटरसाठी आहेत. गेम स्टीमवरचा असो की एपिकवरचा, पद्धत तीच. एका वेळी एकच गोष्ट बदला आणि गेम चालवून पाहा. चार गोष्टी एकदम बदलल्या आणि गेम चालला, तर कशामुळे चालला ते कळणार नाही, आणि पुढच्या वेळी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागेल.

१. आधी खात्री करा: खरंच हँग झालाय का?

बरेच नवे गेम पहिल्यांदा उघडताना शेडर तयार करतात. पडद्यावर प्रकाश, सावली, पाणी कसं दिसावं हे ग्राफिक्स कार्डला सांगणारे छोटे प्रोग्रॅम म्हणजे शेडर. ते तुमच्या कार्डाला आणि ड्रायव्हरला (विंडोज आणि कार्ड यांचा मेळ घालणाऱ्या सॉफ्टवेअरला) साजेसे बनवावे लागतात, म्हणून हे काम तुमच्याच मशीनवर होतं, आणि ड्रायव्हर अपडेट केल्यावर पुन्हा होतं. ‘द लास्ट ऑफ अस पार्ट १’ मार्च २०२३ मध्ये पीसीवर आला, तेव्हा या एका टप्प्यावर लोक प्रचंड वेळ ताटकळले होते. त्यात तो गेम निदान टक्केवारी दाखवत होता. काही गेम हेच काम नुसता लोगो दाखवून मागे करत बसतात.

अशा वेळी कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप एकत्र दाबून टास्क मॅनेजर उघडा आणि गेमच्या ओळीतले सीपीयू, मेमरी आणि डिस्कचे आकडे मिनिटभर पाहा. आकडे हलत असतील, सीपीयू चांगलाच कामाला लागलेला असेल, तर थांबा. जुन्या हार्ड डिस्कवर तर जास्तच थांबा. सीपीयू शून्यावर, डिस्कही शांत आणि मेमरीचा आकडा जागचा हलत नाही, असं दोन-तीन मिनिटं दिसलं तर गेम खरोखर अडकलाय. नुसत्या ‘नॉट रिस्पॉन्डिंग’ या शब्दांवर जाऊ नका. एखाद्या खिडकीने पाच सेकंद विंडोजच्या हाकेला ओ दिली नाही की विंडोज तसं लिहून मोकळं होतं. आत काम चालू असू शकतं.

काळ्या पडद्यामागे टास्क मॅनेजर दिसतच नसेल, तर विंडोज, कंट्रोल आणि डी दाबा. नवा रिकामा डेस्कटॉप उघडतो, तिथे टास्क मॅनेजर आणता येतो. विंडोज, कंट्रोल, शिफ्ट आणि बी दाबल्यावर ग्राफिक्स ड्रायव्हर नव्याने सुरू होतो. पडदा क्षणभर लुकलुकतो आणि अनेकदा चित्र परत येतं. हे दोन्ही करून पाहिल्याशिवाय पॉवरचं बटण दाबून मशीन बंद करू नका. त्या क्षणी सेव्ह फाइल लिहिली जात असेल तर ती अर्धवट राहते.

२. नेमका कुठे अडकतो ते बघा

खिडकी उघडतच नसेल, प्ले दाबल्यावर क्षणभर काहीतरी हलून सगळं शांत होत असेल, तर संशय अँटीव्हायरस, अँटी-चीट (फसवेगिरी रोखणारा प्रोग्रॅम) किंवा व्हिज्युअल सी प्लस प्लससारख्या आधाराच्या फाइल्सवर घ्या. खिडकी उघडून काळीच राहत असेल, तर ग्राफिक्सचा ड्रायव्हर, फुल स्क्रीनची सेटिंग किंवा वर तरंगणारे ओव्हरले बघा. लोगो नीट दिसतात आणि मेन्यू येण्याआधी अडकतो? मग सेटिंगची फाइल, सेव्ह, क्लाउड किंवा गेमची एखादी खराब फाइल. आणि गेमबरोबर माउससकट सगळा कॉम्प्युटरच गोठत असेल, तर गेमला दोष देण्याआधी रॅम, तापमान, एसएमपीएस (वीज पुरवणारा भाग) आणि ड्रायव्हर यांच्याकडे वळा.

३. विंडोजने काय नोंद ठेवलीय ते वाचा

ही पायरी लोक सर्रास गाळतात, आणि खरी माहिती बहुतेक वेळा इथेच असते. स्टार्टमध्ये इव्हेंट व्ह्यूअर शोधून उघडा. डावीकडे विंडोज लॉग्ज, त्याखाली ॲप्लिकेशन. गेम अडकला त्या वेळेच्या आसपासची लाल खुणेची ओळ शोधा. इव्हेंट आयडीच्या रकान्यात १००२ असेल तर प्रोग्रॅम प्रतिसाद देईना म्हणून बंद झाला. १००० असेल तर तो कोसळला.

१००० च्या नोंदीवर क्लिक केलं की खाली मजकूर येतो. त्यात ‘फॉल्टिंग मॉड्यूल नेम’ अशी ओळ असते, आणि तिच्यापुढे एका फाइलचं नाव. ते नाव एनव्ही या अक्षरांनी सुरू होत असेल तर बहुधा एनव्हिडियाचा ड्रायव्हर, एएमडी किंवा एटीआयने सुरू होत असेल तर एएमडीचा. एमएसव्हीसीपी किंवा व्हीसीरनटाइम असं काही दिसलं, तर व्हिज्युअल सी प्लस प्लसचं पॅकेज पुन्हा टाकून बघा. स्टीमच्या बऱ्याच गेमच्या फोल्डरात कॉमनरीडिस्ट नावाचं फोल्डर असतं, त्यातच त्याचा सेटअप मिळतो. एखाद्या रेकॉर्डिंगच्या किंवा एफपीएस दाखवणाऱ्या ॲपची फाइल दिसली, तर गुन्हेगार हाताशी आलाच.

गेम अडकून पडलेला असतानाच करण्यासारखी आणखी एक गोष्ट आहे. टास्क मॅनेजरच्या डिटेल्स टॅबमध्ये गेमच्या नावावर राइट क्लिक करून ‘ॲनालाइझ वेट चेन’ निवडा. गेम दुसऱ्या कुठल्या प्रोग्रॅमची वाट बघत बसला असेल, तर त्याचं नाव तिथे येऊ शकतं.

४. सोपे उपाय

मशीन रीस्टार्ट करा. शट डाउन करून पुन्हा चालू करणं वेगळं. विंडोजमध्ये फास्ट स्टार्टअप चालू असतं, तेव्हा शट डाउनच्या वेळी विंडोजच्या गाभ्याची आणि ड्रायव्हरची स्थिती डिस्कवर जपून ठेवली जाते आणि पुढच्या वेळी तीच परत येते, म्हणजे बिघाडही परत येतो. रीस्टार्टमध्ये सगळं नव्याने सुरू होतं.

मग गेमच्या फाइल्स तपासा. स्टीममध्ये गेमच्या नावावर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स आणि तिथे व्हेरिफाय. एपिकमध्ये गेमशेजारचे तीन ठिपके, मॅनेज आणि व्हेरिफाय. खराब झालेल्या किंवा गायब फाइल्सच तेवढ्या पुन्हा उतरतात, त्यामुळे अनइन्स्टॉलमधून जे साधायचं ते बहुतेक इथे थोडक्या डेटात साधतं. मॉड, म्हणजे गेममध्ये बदल करणाऱ्या बाहेरच्या फाइल्स, टाकलेले असतील तर आधी बाजूला काढा. तपासणीत बदललेल्या फाइल्स मूळ रूपात येतात.

डिस्कॉर्ड, एमएसआय आफ्टरबर्नर, रिव्हाट्यूनर, स्टीम आणि ग्राफिक्स कार्डचं स्वतःचं ॲप, हे सगळे गेमच्या चित्रावर आपला थर चढवतात. सगळे ओव्हरले बंद करा. गेम चालला तर एकेक चालू करत जा.

५. सेटिंगची फाइल बाजूला करा

नवा मॉनिटर जोडला, टीव्हीला लावून खेळलात आणि मग तो काढला, की जुन्या सेटिंगच्या फाइलमध्ये आता अस्तित्वातच नसलेलं रेझोल्यूशन लिहिलेलं राहतं. गेम सुरू होताना ते मागतो आणि तिथेच बसतो. ही फाइल शोधायच्या जागा ठरलेल्या: डॉक्युमेंट्समधलं माय गेम्स, किंवा ॲपडेटामधली लोकल, लोकललो आणि रोमिंग ही तीन फोल्डरं. रन उघडून %appdata% असं लिहिलंत की थेट रोमिंगमध्ये पोचता; तिथून एक पायरी वर गेलं की बाकीची दोन दिसतात.

गेमचं फोल्डर पुसू नका, त्याच्या नावापुढे ‘जुनं’ अर्थाचं काहीतरी जोडा. गेमला ते सापडलं नाही की तो नवं बनवतो. मात्र त्याआधी स्टीममध्ये त्या गेमचं क्लाउड सिंक बंद करा, नाहीतर तीच बिघडलेली फाइल क्लाउडवरून परत येईल. आणि सेव्ह त्याच फोल्डरात असतील तर त्यांची प्रत पेन ड्राइव्हवर घ्या. पन्नास तासांचा खेळ या एका घाईत जाऊ शकतो.

६. विंडोजमधलं तुमचं नाव देवनागरीत आहे का?

हा मुद्दा परदेशी मार्गदर्शकांत क्वचितच येतो आणि आपल्याकडे महत्त्वाचा आहे. विंडोज पहिल्यांदा सुरू करताना कुणी हौसेने ‘सुनील’ किंवा ‘आई-बाबा’ असं देवनागरीत नाव टाकलं, तर युजर्सच्या आत त्याच नावाचं फोल्डर तयार होऊ शकतं. युनिकोड, म्हणजे सगळ्या लिप्यांसाठीची अक्षरांची एकच पद्धत, नीट वापरणाऱ्या गेमला त्याचं काही वाटत नाही. पण जुने गेम, आणि काही नवेही, फोल्डरचा पत्ता जुन्या पद्धतीच्या एएनएसआय कोड पेजमधून, म्हणजे मोजक्याच अक्षरांच्या तक्त्यातून, वाचतात. मराठी-हिंदीसाठी विंडोजमध्ये असं कोड पेजच नाही; देवनागरी तिथे फक्त युनिकोडमधून आली. मग गेमला त्या नावाच्या जागी नुसती प्रश्नचिन्हं दिसतात, सेव्हचं फोल्डर सापडत नाही, आणि तो लोगोवरच थांबतो किंवा गुपचूप बंद होतो.

सेटिंगमध्ये जाऊन अकाउंटचं नाव बदललं तरी फोल्डरचं नाव तेच राहतं. ते हाताने बदलायला जाऊ नका, प्रोफाइल बिघडतं. रोमन लिपीतल्या नावाचं नवं लोकल अकाउंट काढा, त्यात लॉग इन करून गेम चालवून पाहा. चालला तर कारण सापडलं, आणि खेळण्यासाठी तेच अकाउंट ठेवा. गेम जिथे टाकलाय त्या फोल्डराची नावंही रोमन आणि छोटी असू द्या.

डॉक्युमेंट्सशी निगडित आणखी दोन अडथळे असतात. विंडोज सिक्युरिटीमध्ये ‘कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस’ चालू असेल, तर गेमला तिथे लिहिता येत नाही. त्याच पानावर गेमला परवानगी देता येते. दुसरं म्हणजे वनड्राइव्ह. ते डॉक्युमेंट्स फोल्डर स्वतःकडे वळवून घेतं. सिंक थांबवून एकदा बघा.

७. ग्राफिक्सचा ड्रायव्हर

ड्रायव्हर कार्डच्या कंपनीच्या साइटवरूनच घ्या. गेम कालपर्यंत चालत होता आणि ड्रायव्हर अपडेटनंतर अडकायला लागला, तर मागे जा: डिव्हाइस मॅनेजर, डिस्प्ले अडॅप्टर्स, कार्डची प्रॉपर्टीज, ड्रायव्हर टॅब, रोल बॅक. बऱ्याच लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स चिप असतात आणि गेम कमजोर बाजूवर सुरू होऊन दम तोडतो. सेटिंग्जमध्ये सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स असं जाऊन त्या गेमला हाय परफॉर्मन्स नेमून द्या.

व्हर्च्युअल मेमरी (रॅम अपुरी पडली की विंडोज डिस्कवर वापरतं ती जागा, म्हणजेच पेजफाइल) कुणी बंद करून ठेवली नाही ना, हेही इथेच पाहून घ्या. ‘रॅम भरपूर आहे, पेजफाइल कशाला’ हा सल्ला मोठ्या गेमना लोड होतानाच आडवा येतो. ती विंडोजच्या हवाली असू द्या.

८. दोष तुमच्याकडे नसेल तेव्हा

विंडोज ११ चं २४एच२ अपडेट आल्यावर नोव्हेंबर २०२४ मध्ये मायक्रोसॉफ्टनेच कळवलं होतं की ‘ॲसॅसिन्स क्रीड’ मालिकेतले वल्हाला, ओरिजिन्स आणि ओडिसी, तसंच ‘स्टार वॉर्स आउटलॉज’ आणि ‘अवतार: फ्रंटियर्स ऑफ पँडोरा’ सुरू होताना किंवा खेळताना गोठू शकतात. हे गेम असलेल्या मशीनवर ते अपडेट रोखून धरलं गेलं. घरी बसून कुणी कितीही फाइल्स तपासल्या असत्या तरी उपयोग नव्हता. म्हणून बिघाड विंडोज अपडेटनंतर सुरू झाला असेल, तर मायक्रोसॉफ्टचं ज्ञात त्रुटींचं पान आणि गेमच्या कंपनीचं सपोर्ट पान आधी बघा.

इंटेलच्या १३व्या आणि १४व्या पिढीचे डेस्कटॉप प्रोसेसर हे दुसरं उदाहरण. अनरिअल इंजिनवरचे (गेम बनवण्याच्या एका सॉफ्टवेअरवरचे) गेम शेडर तयार करताना ‘व्हिडिओ मेमरी संपली’ म्हणत बंद पडायचे, आणि कार्डवर मेमरी भरपूर शिल्लक असायची. दोष प्रोसेसरला जाणाऱ्या जास्तीच्या व्होल्टेजचा होता. २०२४ मध्ये इंटेलने त्यावर मायक्रोकोड, म्हणजे प्रोसेसरच्या आतल्या सूचनांची दुरुस्ती, दिला; तो मदरबोर्डच्या बायॉस (मशीन सुरू करणारं मूळ सॉफ्टवेअर) अपडेटमधून मिळतो. आधीच खराब झालेला प्रोसेसर त्याने बरा होत नाही. पण इंटेलने या चिपची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवलीय, तिचा लाभ घ्या.

कपाटातल्या जुन्या सीडीवरचा गेम विंडोज १० किंवा ११ वर उघडत नसेल, तर कारण बहुधा सेफडिस्क हे कॉपी रोखणारं कुलूप. विंडोज १० ने २०१५ पासून त्याला आधारच दिलेला नाही. त्या गेमची स्टीम किंवा जीओजी या गेमच्या दुकानावरची आवृत्ती घेणं हाच सरळ मार्ग.

९. परतावा आणि तक्रार

स्टीमवर गेम घेतल्यापासून १४ दिवसांच्या आत आणि खेळण्याचा वेळ दोन तासांहून कमी असेल तर पैसे परत मागता येतात. गेम लोगोवर अडकून उघडा राहिला, तरी तो वेळ त्या दोन तासांत धरला जातो. तेव्हा प्रयोग करताना दर वेळी गेम टास्क मॅनेजरमधून पुरता बंद करा आणि लायब्ररीत नोंदलेल्या वेळेवर लक्ष ठेवा.

कंपनीला लिहायचं असेल तर ‘गेम चालत नाही’ एवढंच लिहू नका. कुठे अडकतो, कधीपासून, विंडोजची आवृत्ती, कार्ड आणि ड्रायव्हरचा क्रमांक, इव्हेंट व्ह्यूअरमधली ती नोंद आणि गेमची लॉग फाइल जोडा. युनिटी या गेम बनवण्याच्या सॉफ्टवेअरवर बनलेल्या गेमची लॉग फाइल लोकललोमध्ये कंपनीच्या नावाच्या फोल्डरात प्लेअर नावाने सापडते, अनरिअलच्या गेमची बहुधा लोकलमध्ये गेमच्या फोल्डरातल्या सेव्ह्ड आणि लॉग्जमध्ये. ती पाठवण्याआधी गेम पुन्हा उघडू नका, कारण नव्या वेळी जुना लॉग पुसला जाऊ शकतो.