खोली खरी की नुसते फोटो?

राहण्यासाठी ऑनलाइन बुकिंग करताना फोटोत झकास दिसणारी खोली दिलेल्या पत्त्यावर असेलच असं नाही. पैसे भरण्याआधी एवढं करा.

१. फोटोचा स्क्रीनशॉट काढून गूगल लेन्समध्ये (फोटोवरून शोध घेणारी गूगलची सोय) टाका. तोच पलंग, तेच पडदे दुसऱ्याच गावातल्या हॉटेलच्या नावाखाली दिसले, तर विषय संपला. काहीच सापडलं नाही, तर फोटो आरशातल्यासारखा उलटा करून पुन्हा शोधा. चोरलेले फोटो कधी कधी मुद्दाम असे फिरवून टाकतात. जाहिरातीतल्या फोटोतच भिंतीवरच्या घड्याळाचे आकडे उलटे दिसले, तर पुढे शोधायचीही गरज नाही!

२. मालकाला व्हिडिओ कॉल करायला सांगा. रस्त्यावरच्या फाटकापासून खोलीपर्यंत, कॉल न तोडता. मध्येच एखादी फर्माईश सोडा: "जरा बाथरूमचा नळ सोडून दाखवता का?" आधीच काढून ठेवलेल्या व्हिडिओत ते जमत नाही. आगाऊपणा वाटेल, वाटू द्या. खोली खरी असेल तर दोन मिनिटांचं काम आहे.

सावधान: "साइटवरून नको, थेट खात्यात टाका, स्वस्तात देतो" असं कोणी म्हणालं की तिथंच थांबा. बाहेरून दिलेल्या पैशांची जबाबदारी बुकिंग साइट सहसा घेत नाही.