हिरड्यांतून रक्त येत असेल तर ब्रश कसा करावा
हिरडीतून रक्त आले की आपण भीतीने त्या जागी ब्रश फिरवणे थांबवतो, आणि नेमके तेच जिवाणूंच्या पथ्यावर पडते. दात आणि हिरडी यांच्या सांध्यावर साचणारा पांढुरका, बुळबुळीत थर म्हणजे जिवाणूंची वसाहतच; १९६५ साली डेन्मार्कमध्ये निरोगी स्वयंसेवकांनी दात घासणे थांबवले, तेव्हा अवघ्या दोन-तीन आठवड्यांत त्यांच्या हिरड्या सुजल्या आणि घासणे सुरू केल्यावर त्या पुन्हा बऱ्या झाल्या.

म्हणून मऊ ब्रश हिरडीकडे ४५ अंशांत कलता धरून, एका वेळी दोन-तीन दातांवरच, हलक्या हाताने थोडाथोडा हलवावा. सगळे मिळून दोन मिनिटे लागतात. दातांमधल्या फटींसाठी रात्री फ्लॉस (फटींत फिरवायचा बारीक दोरा) वापरावा. नुसत्या चुळा भरून हा थर निघत नाही.

पुण्यात अजूनही काही घरांत सकाळी मशेरी लावली जाते. तिच्यातील तंबाखूमुळे रक्त कमी दिसू शकते, आजार मात्र आत वाढत राहू शकतो. (ती सोडणे ब्रश शिकण्याहून अवघड, हे मान्य.)

थर कडक होऊन त्याचे किटण झाले, की ते घरी निघत नाही. दोन आठवड्यांनंतरही रक्त येत असल्यास पुण्यात धनकवडीच्या भारती विद्यापीठ दंत महाविद्यालयासारख्या ठिकाणी हिरड्या तपासून घ्याव्यात.