नवरा-बायकोच्या कुरबुरीचा मूकपट घरच्या घरी

आधी अमेरिकेच्या व्हिटाग्राफ कंपनीचा ‘अ क्युअर फॉर पोकरायटिस’ (१९१२) हा मूकपट आवाज पूर्ण बंद करून पाहा. नवरा झालेला गोलमटोल जॉन बनी सभेची थाप मारून पत्ते कुटायला जातो आणि झोपेत बरळून पकडला जातो. त्याची बायको, काटकुळी फ्लोरा फिंच, त्याच खोलीत ऐकत असते. दोघं एकाच चौकटीत, म्हणून हसू येतं. फसवणारा आणि फसणारा एकदमच दिसले पाहिजेत. क्लोजअपचे तुकडे जोडत बसलात की गंमत गेली.

मोबाइल स्टँडवर, छातीच्या उंचीला, पात्रांपासून पावणेतीन मीटरवर लावा. व्हिटाग्राफची नऊ फुटांची रेघ, म्हणजे नटांनी जिच्या पुढे कॅमेऱ्याकडे यायचं नाही ती, साधारण हीच. १x भिंगात माणूस डोक्यापासून पायापर्यंत मावतो. चौकट ४:३ धरा आणि तिच्या कडा जमिनीवर चिकटपट्टीने आखा, नाहीतर लाटणं उगारलेला हात हमखास बाहेर जातो.

खरी गोची वेगाची. तेव्हाचा कॅमेरामन सेकंदाला हँडलचे दोन फेरे मारी, फेऱ्याला ८ चित्रं, म्हणजे १६. तीच फिल्म आज सेकंदाला २४ ने चालवली की सगळं दीडपट पळतं. म्हणून ‘मूकपट म्हणजे लगबग’ हा समज. सरसकट दीडपट करू नका. सेकंदाला २५ फ्रेमने चित्रण करा आणि वेग संकलनात बदला. धावपळ १२५ टक्के, पाठलाग फार तर १५०, आणि बायको वळून बघते तो क्षण १००. तो घाईत गेला तर विनोद मेलाच.

शटर, म्हणजे दर फ्रेमला उजेड आत येण्याचा वेळ, १/५० सेकंदावर अडकवा. ऑटोवर ठेवलं तर उजेडात ते १/१००० वर जातं आणि हालचाल टकटक तुटते. खिडकीचा प्रकाश जास्त झाला तर पडदा ओढा.

कृष्णधवल करताना नुसते रंग काढू नका. त्या काळच्या फिल्मला लाल जवळजवळ दिसतच नसे: ओठ काळे, निळं आकाश पांढरं. संकलनाच्या ॲपमधल्या चॅनेल मिक्सरमध्ये (प्रत्येक रंगाचा वाटा ठरवायची सोय) टक्क्यांत लाल १०, हिरवा ५५, निळा ३५ ठेवून बघा. चेहरे काळवंडतील, तेव्हाचे नट फिकट रंग थापत ते यासाठीच. तुम्ही चेहऱ्यावर जास्त उजेड टाका.

संवादाची पाटी तोंड उघडताच कापून घाला आणि तोंड मिटताना चित्रावर परत या. मजकूर सात-आठ शब्दांचा, सावकाश दोनदा वाचून होईपर्यंत. नवऱ्याची थाप पाटीवर लिहा. बायकोला ती पटली नाही, हे मात्र कधीच लिहू नका.