लॅपटॉप बघायला जाताना पिशवीत वजनकाटा

लॅपटॉपच्या दुकानात जायच्या आठवडाभर आधी हलक्या लॅपटॉपच्या वजनाचे, म्हणजे सव्वा किलो, तांदूळ मोजून पिशवीत घट्ट बांधा आणि ते पुडकं रोजच्या बॅगेत टाकून हिंडा. तीन दिवसांनी त्यात अर्धा किलो वाढवा, म्हणजे साधा लॅपटॉप झाला. मी पुण्यात मेट्रोने वनाजहून डेक्कनला येते आणि लकडी पुलावरून चालत अप्पा बळवंत चौकात जाते, तपासलेली प्रूफं द्यायला आणि नवीन गठ्ठा घ्यायला. अलका टॉकीजच्या चौकापर्यंत दोन्ही वजनं मला सारखीच वाटली. केळकर रस्त्यावर अर्ध्यात आल्यावर मात्र डावा खांदा बोलायला लागला, तोही पावणेदोन किलोच्याच दिवशी. ‘प्रीमियम, लाइटवेट’ म्हणून जे जास्तीचे पैसे मोजायचे असतात, त्यातला मोठा हिस्सा या अर्ध्या किलोचा असतो. तुमच्या खांद्याला तो फरक कळलाच नाही तर सरळ साधा लॅपटॉप घ्या आणि उरलेल्या पैशांत चांगली खुर्ची आणा. मला कळला, म्हणून पुढची तयारी.

दुसरं काम वहीचं. आठवडाभर लॅपटॉपवर खरोखर काय केलं ते रोज रात्री दोन ओळींत लिहायचं. माझ्या वहीत निघालं ते असं: वर्डच्या तीन-चार मोठ्या फायली, ब्राउझरमध्ये वीसेक टॅब, पीडीएफ, आठवड्यातून दोन व्हिडिओ कॉल, आणि महिन्याच्या शेवटी नवऱ्याच्या हिशेबाचं टॅली आणि जीएसटी. व्हिडिओ एडिटिंग शून्य, गेम शून्य. म्हणजे प्रोसेसरच्या ज्या आकड्यांवर माझा भाचा तासभर बोलू शकतो, ते माझ्या यादीत शेवटी. आजचा कुठलाही बरा प्रोसेसर एवढं काम हसत करतो. मेमरीची गोष्ट मात्र वेगळी. पातळ लॅपटॉपमध्ये रॅम बहुतेक वेळा मदरबोर्डवरच सोल्डर केलेली असते, नंतर वाढवता येत नाही. मागच्या खेपेला ‘आठ जीबी पुरे, लागली तर वाढवू’ असं मनात म्हणून मी घेतला. दोन वर्षांनी वाढवायला गेले तेव्हा दुरुस्तीवाल्याने खालचं झाकण उघडून दाखवलं की वाढवायला खाचच नाही. तेव्हा 16 जीबीच्या खाली बघायचंच नाही, आणि एसएसडी, म्हणजे फायली साठवायचा भाग, बदलता येते का हे आधीच विचारून ठेवायचं.

वहीत टॅली किंवा डिजिटल सहीचं टोकन (पेनड्राइव्हसारखं यूएसबीत खोचायचं) आलं असेल तर इथे जरा थांबा. टॅली विंडोजवर चालतं, मॅकवर थेट चालत नाही. आणि विंडोजमध्येही आता दोन जाती आहेत. इंटेल-एएमडीची नेहमीची, आणि स्नॅपड्रॅगनची, म्हणजे एआरएम चिपची. ही दुसरी जात बॅटरीला फार चांगली. नेहमीचे प्रोग्रॅम ती भाषांतर करून चालवतेही, पण यूएसबीत खोचायच्या वस्तूंचे ड्रायव्हर, म्हणजे त्या वस्तू चालवणारे छोटे प्रोग्रॅम, तिच्यासाठी वेगळे लिहिलेले लागतात. सहीचं टोकन, जुना प्रिंटर, छापखान्यातल्या लोकांकडे असलेलं यूएसबीत चावी खोचली तरच चालणारं जुनं सॉफ्टवेअर या सगळ्याची चौकशी त्या-त्या कंपनीकडे फोन करून आधी करा. दुकानातला मुलगा ‘सगळं चालतं मॅडम’ म्हणेल. त्याने आयुष्यात रिटर्न भरलेलं नसतं.

आता पिशवी भरायची. स्वयंपाकघरातला डिजिटल काटा, चष्म्याचं फडकं, मोबाइलचा टाइप-सी चार्जर, एचडीएमआयची वायर आणि एक पेनड्राइव्ह. पेनड्राइव्हवर तुमची स्वतःची मराठी फाइल, एक पूर्ण काळं चित्र, एक पूर्ण पांढरं. काटा बघून भाच्याने दारातच विचारलं, “मावशी, आपण भाजी आणायला चाललोय का?” तरी आला बिचारा, काटा त्यानेच धरला.

पुण्याच्या तपकीर गल्लीत, इलेक्ट्रॉनिक्सच्या बाजारात, किंमत उतरते हे खरं, पण हात लावून तासभर बघायचं असेल तर आधी मोठ्या शोरूममध्ये जावं. शनिवार-रविवार टाळा, मंगळवारी सकाळी अकराला गेलात तर कोणी मागे उभं राहून घाई करत नाही. आम्ही पहिला लॅपटॉप काट्यावर ठेवला तेव्हा विक्रेता हसला, मग वाकून तोही आकडा बघायला लागला. पाटीवर 1.19 किलो होतं, काट्याने 1.23 दाखवलं. एवढं चालतं. खरी गंमत ॲडॉप्टरची. वायर आणि जाडजूड तीन-पिनी प्लग धरून तो 340 ग्रॅम भरला, आणि पाटीवर त्याचा उल्लेखही नव्हता. अंदाजासाठी सांगते: 2008 साली स्टीव्ह जॉब्ज यांनी कागदी पाकिटातून पहिला मॅकबुक एअर काढून दाखवला तेव्हा तो 1.36 किलोचा होता आणि जग थक्क झालं होतं. आजचा 13 इंची एअर साधारण 1.24 किलोचा आहे, आणि एलजीच्या ‘ग्रॅम’ नावाच्या मालिकेत 14 इंची मॉडेल किलोच्या आत बसवलेली आहेत. पण किलोच्या आतला लॅपटॉप हातात घेतला की दोन्ही कोपरे धरून अगदी हलकेच पिळून बघा. काही पापडासारखे वाकतात. मला शंभर ग्रॅम जास्त चालतील, पण वाकणारा नको.

पडदा बघायला जाहिरातीतला मोर किंवा हिमालय उपयोगाचा नाही. दुकानात ते चित्र सगळ्याच लॅपटॉपवर सुंदर दिसतं. आपली मराठी फाइल उघडा, 11 पॉइंटमध्ये, आणि ‘राष्ट्र’, ‘उद्ध्वस्त’, ‘दुसऱ्या’ हे शब्द वाचा. रोमन अक्षराला वर काही नसतं आणि खालीही फारसं नसतं. आपल्याला शिरोरेघेच्या वर वेलांटी, मात्रा, रफार, अनुस्वार आणि खाली उकार, असं तीन मजली घर बांधायचं असतं. 14 इंचाच्या पडद्यात 1920 बाय 1200 ठिपके म्हणजे इंचाला साधारण 160. यात ‘र्कं’सारख्या अक्षरावर रफार आणि अनुस्वार एकमेकांत मिसळायला लागतात. 220च्या पुढे गेलात की ते सुटे उभे राहतात. दिवसाला साठ पानं वाचणाऱ्या बाईला हा फरक संध्याकाळी डोळ्यांत कळतो. इंग्रजीतून लिहिलेल्या एकाही परीक्षणात तो सापडणार नाही. मग काळं चित्र लावून कडेने उजेड झिरपतो का, पांढऱ्यावर एखादा मेलेला ठिपका आहे का ते बघा. काचेसारखा चमकणारा पडदा असेल तर लॅपटॉप उचलून दारापाशी नेऊ द्या म्हणावं. निट्स हे पडद्याच्या उजेडाचं माप: 300 निट्सचा पडदा तिथे आरसा होतो, 400-500चा तग धरतो.

कीबोर्डवर इंग्रजी वाक्य टाइप करून उठू नका. मी इन्स्क्रिप्टवर लिहिते. हा कळफलक देशभर नेण्यात ज्या सी-डॅक या सरकारी संगणक संस्थेचा मोठा हात, ती 1988 साली आपल्या पुण्यातच सुरू झाली. इन्स्क्रिप्टमध्ये उजव्या कडेची विरामचिन्हांची बटणं फार कामाची असतात: च, ट, ड, य तिथे आहेत, आणि ‘डॉक्टर’मधला ‘ॉ’ तर थेट एंटरच्या वरच्या चिंचोळ्या बटणावर. पातळ-छोट्या लॅपटॉपमध्ये जागा वाचवायची तर कंपन्या नेमकी हीच बटणं कापून अर्धी करतात. इंग्रजी लिहिणाऱ्याला त्याचं काहीच वाटत नाही. ‘चटकन’, ‘डॉक्टर’, ‘ट्रॅक्टरच्या यंत्रात’ असं चार-पाच वेळा लिहून करंगळी चुकते का बघा. ऱ्यासाठी शिफ्ट धरून जे, ळसाठी शिफ्ट धरून एन. डावी शिफ्ट पुरेशी लांब हवी. मी जो लॅपटॉप जवळजवळ नक्की केला होता, तो या करंगळीने बाद केला. भाचा हळहळला, कारण त्याचा प्रोसेसर फार भारी होता.

बॅटरीचे तास कंपनीने सांगितलेले असतात, आणि ते बहुधा पडदा मंद ठेवून व्हिडिओ चालवून मोजलेले. तुम्ही वॉट-तास, म्हणजे बॅटरीत किती वीज मावते, ते विचारा. 54 वॉट-तासांची बॅटरी आणि लॅपटॉप सरासरी 6 वॉट खात असेल तर नऊ तास. पडदा लख्ख केला, व्हिडिओ कॉल लावला आणि खर्च 12 वॉटवर गेला की साडेचार. माझी गरज दोन प्रसंगांवर ठरते. एक, महिन्यातून एकदा सव्वासातची डेक्कन क्वीन पकडून मुंबई, दिवसभर काम, आणि संध्याकाळी परत. दोन, दुरुस्तीसाठी वीज बंद असलेला गुरुवार. यात टिकला तर पास.

टाइप-सीची भोकं दिसायला सारखी असली तरी गुणांनी सारखी नसतात. एकातून पडद्याची जोडणी निघते, दुसऱ्यातून फक्त डेटा. दोन वर्षांपूर्वी एका छोट्या सभागृहात शुद्धलेखनावर बोलायला गेले होते. प्रोजेक्टरची वायर एचडीएमआयची, माझ्या लॅपटॉपला दोनच टाइप-सी. चाळीस माणसं समोर बसलेली, आणि मी फळ्यावर खडूने ‘र्‍हस्व’ खोडून ‘ह्रस्व’ लिहीत होते. म्हणून ती वायर पिशवीत. जोडून बघा, चित्र आलं तरच पुढे. मोबाइलचा चार्जरही लावून बघा: 65 वॉटचा असेल तर घरात एकाच ॲडॉप्टरवर भागतं. त्याच्या वायरचंही बघा. साधी टाइप-सी वायर 60 वॉटपर्यंतच नेते.

लॅपटॉपचं अंग धातूचं असेल तर चार्जिंग चालू असताना मनगटाला मुंग्या येतात का, हे दुकानात कळत नाही, घरी कळतं. ॲडॉप्टर दोन-पिनी असला किंवा घराला अर्थिंग नसलं की त्याच्या आतल्या फिल्टरमधून किंचित प्रवाह अंगावर येतो. आमच्या आईच्या सदाशिव पेठेतल्या वाड्यात कुठलाही धातूचा लॅपटॉप हेच करतो. धोका सहसा नसतो, पण आई त्याला हात लावत नाही. तीन-पिनी वायर मिळते का विचारा, आणि इलेक्ट्रिशियनकडून अर्थिंग तपासून घ्या.

उन्हाचं थोडक्यात. 2020 पासूनच्या ॲपल चिपच्या मॅकबुक एअरला पंखाच नाही. आवाज शून्य, पण तापला की तो स्वतःहून हळू होतो. ॲपल वापरासाठी 10 ते 35 अंश तापमान सांगते, आणि एप्रिल-मेमध्ये आपल्याकडे दुपारी दोनला पत्र्याच्या गच्चीखालच्या खोलीत काय असतं ते तुम्हाला माहीत आहे. पंखेवाला घेणार असाल तर व्हिडिओ लावून दहा मिनिटं थांबा आणि कान लावून ऐका.

सर्व्हिस सेंटर पुण्यात आहे म्हणजे नक्की कुठे, ते नकाशावर बघा. दुरुस्तीला घरी येतात की आपणच घेऊन जायचं? चहा सांडला, पडला, हे नेहमीच्या वॉरंटीत बसत नाही. अपघाती नुकसानीचं कवच वेगळं घ्यावं लागतं, आणि टू-व्हीलरवर लॅपटॉप नेणाऱ्याने ते घ्यावंच. पायांत ठेवलेली बॅग खड्ड्यात काय सोसते हे मी सांगायला नको. शिवाय पडदा फुटतो तो पडून कमी, दाबाने जास्त: त्याच कप्प्यात स्टीलचा डबा, किंवा कीबोर्डवर विसरलेलं पेन आणि वरून मिटलेलं झाकण.

बिल करताना खोक्यावरचा, लॅपटॉपच्या पोटावरचा आणि बिलावरचा सिरीअल नंबर एकच आहे ना, ते दुकानातच जुळवा. तोच नंबर कंपनीच्या वेबसाइटवर टाकून वॉरंटी कधी सुरू झाली तेही बघा. शोकेसमधल्या मालाची ती कधी आधीच सुरू झालेली असते. धंद्यासाठी घेत असाल तर जीएसटी नंबर बिलावर हवा. 18 टक्क्यांची वजावट नंतर आठवून उपयोग नाही. बदलून द्यायची मुदत किती दिवसांची, ते बिलाच्या मागे पेनाने लिहून घ्या. विक्रेत्याला राग येतो. येऊ दे.

त्या मुदतीत लॅपटॉपला कौतुकाने झाकून ठेवू नका, राबवा. विंडोज असेल तर पहिल्याच दिवशी कमांड प्रॉम्प्टमधून, म्हणजे आज्ञा टाइप करायच्या खिडकीतून, बॅटरी रिपोर्ट काढा. मूळ क्षमता आणि आताची क्षमता त्यात शेजारीशेजारी येतात, आणि नव्या लॅपटॉपमध्ये दोन्ही जवळपास सारख्या हव्यात. सलग दोन तासांचा कॉल करा, समोरच्याला आवाज कसा येतो विचारा. रात्री दिवा मालवून टाइप करा. वायफाय घराच्या शेवटच्या खोलीत धरतो का बघा. जुना लॅपटॉप महिनाभर तरी विकू नका, कारण कुठल्या तरी फोल्डरमधली एक फाइल अठ्ठाविसाव्या दिवशी आठवते. आणि खोका? वॉरंटी असेपर्यंत माळ्यावर. आमच्या माळ्यावर त्याच्या शेजारी 2009च्या मिक्सरचा खोका आहे, मिक्सर केव्हाच मोडीत गेला.