गृहकर्जाचा खरा खर्च हप्त्यावरून कळत नाही

हप्ता खिशाला झेपतो का, एवढंच पाहून कर्ज घेऊ नका. हप्त्याला एकूण महिन्यांनी गुणा आणि त्यातून मुद्दल वजा करा. उरतं ते व्याज. 9 टक्के दराने 20 वर्षांसाठी घेतलेल्या दर 1 लाखामागे हप्ता साधारण 900 येतो, म्हणजे परतफेड सुमारे 2 लाख 16 हजार. मुदत 30 वर्षं केली तर हप्ता जेमतेम 95 ने उतरतो, व्याज मात्र 1 लाख 16 हजारांवरून जवळपास 1 लाख 90 हजारांवर जातं!

परतफेडीचा तक्ता आधीच मागून घ्या. पहिल्या 900 पैकी 750 व्याजात जातात, मुद्दल फिटतं फक्त 150. निम्मं मुद्दल फिटायलाच सुमारे 14 वर्षं लागतात.

दर बदलता असेल तर जास्त सावध राहा. सुरुवातीलाच दर 10 टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर 240 चे 314 हप्ते होतात. हप्ता वाढत नाही, त्यामुळे हे पटकन लक्षातच येत नाही. दर बदलला की उरलेले महिने विचारा.

दरवर्षी एक जादा हप्ता मुद्दलात भरला तर हेच कर्ज सुमारे साडेतीन वर्षं आधी संपतं. भरताना ‘हप्ता नको, मुदत कमी करा’ असं लेखी द्या. मुदतपूर्व फेडीवर दंड आहे का, ते मात्र करारात आधी वाचा. प्रक्रिया शुल्क आणि विम्याचा हप्ता कर्जातच मिळवला असेल, तर त्यावरही पूर्ण मुदतभर व्याज चढतं. हे पैसे शक्यतो वेगळे भरा.